यम्माचा गुडघा आणि निरोपाची माणसं

लुइझा बायकांना मोटार चालवायला शिकवायची. उत्रेख्तच्या ओव्हरवेख्त वस्तीतल्या निम्म्या मोरोक्कन बायकांनी तिच्याच शेजारी बसून पहिल्यांदा गिअर टाकला होता. समोरून बस येत असताना शिकणारीनं स्टिअरिंग सोडून डोळे मिटले, तरी लुइझाचा आवाज चढत नसे. ती आपल्या पायापाशी असलेला ब्रेक दाबायची आणि म्हणायची, "डोळे उघड बाई, दुआ नंतर कर." अशी ही थंड डोक्याची बाई आईच्या गुडघ्यापायी आख्खं खानदान गोळा करून बसेल, असं कुणी म्हटलं असतं तर तिनंच ते हसण्यावारी नेलं असतं.

तिची आई मिमूंत. घरातले सगळे तिला यम्मा म्हणत. मोरोक्कोतल्या नादोरच्या मागच्या डोंगरातलं गाव सोडून ती नवऱ्याच्या पाठोपाठ हॉलंडला आली, त्याला आता एक जन्म लोटला होता. नवरा गेला, तशी ती लुइझाच्या सहाव्या मजल्यावरच्या घरात राहायला आली आणि लुइझाचा घटस्फोट झाल्यावर दोघींना एकमेकींशिवाय भांडायला कुणी उरलं नाही. यम्माचं वय सत्याहत्तर. डच भाषेतले तिला चारच शब्द येत: सलाम केल्यासारखं 'दाग', भाजीवाल्यासाठी 'महाग', लिफ्टमधल्या पोरांसाठी 'शांत', आणि 'पॅरासिटामॉल'.

हा शेवटचा शब्द तिला डॉक्टरीणबाईंनी शिकवला होता. डॉक्टर विलेमाइन उंच, सडपातळ, सायकलवरून हिंडणारी, स्वभावानं गोड. पण यम्माचं तिच्याविषयीचं मत पक्कं होतं.

"पोरगी चांगली आहे गं," ती म्हणायची, "पण तिला काही येत नाही. मला विचारते, 'तुम्हाला काय झालंय असं तुम्हाला वाटतं?' मला ठाऊक असतं तर सहा मजले उतरून तिच्याकडे कशाला गेले असते? नादोरचा डॉक्टर बघ. तोंड उघडायच्या आत सुई टोचतो."

"तशी पद्धत आहे यम्मा त्यांची. माणसाचं ऐकून घेतात."

"ऐकून घ्यायला तू आहेस की. नुसतं नावाला."

तर त्या वसंतात यम्माचा उजवा गुडघा फारच धरला आणि लुइझा तिला घेऊन दवाखान्यात गेली. डॉक्टरीणबाईंनी गुडघा दाबला, वाकवला, झिजलाय म्हणाल्या, व्यायाम शिकवणाऱ्या बाईंकडे जायला सांगितलं. साखरेसाठी आणि असंच सगळं बघण्यासाठी रक्त तपासून घ्या म्हणाल्या. पॅरासिटामॉलही आलंच. यम्मानं ते न सांगता ओळखलं आणि लेकीकडे बघून भुवई उडवली.

मग डॉक्टरीणबाईंनी संगणकाकडे पाठ केली, खुर्ची पुढे ओढली आणि आवाज खाली आणला.

"आणखी एक विचारायचं होतं. पंच्याहत्तरीपुढच्या सगळ्यांनाच मी हे विचारते."

लुइझा सावध झाली. 'सगळ्यांनाच' असं माणूस कधी म्हणतं, ते तिला माहीत होतं. परीक्षेत हमखास नापास होणार अशा बाईला तीसुद्धा सांगायची, की परीक्षा सगळ्यांनाच जड जाते.

"समजा, उद्या तुमच्या आईचं हृदय बंद पडलं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तर आम्ही ते पुन्हा सुरू करायचा प्रयत्न करावा, असं त्यांना वाटतं का? की सहज जाऊ द्यावं? त्यांचं मत मला ऐकायला आवडेल."

लुइझाच्या कानात एकच शब्द राहिला. उद्या.

"काय म्हणतेय?" यम्मानं विचारलं.

लुइझानं आईकडे पाहिलं. गुलाबी ओढणी, कानात जुनी चांदीची वर्तुळं, मांडीवर पिशवी घट्ट धरलेली. असला प्रश्न हिच्यापुढे ठेवायला जीभ कुठून आणायची?

"विचारतेय," ती म्हणाली, "या उन्हाळ्यात गावाला जाणार का म्हणून."

यम्मा खूश झाली. इतक्या वर्षांत प्रथमच कुणीतरी माणसासारखं काही विचारलं होतं. ती सरसावून बसली.

"कशाला जाऊ? कोण राहिलंय तिथं माझं? माझ्या बरोबरीच्या सगळ्या गेल्या. मागच्या खेपेला गेले तर घरातली चूलसुद्धा ओळख देईना. तिला सांग, खूप झालं, बघून झालं सगळं. आता ती ओढाताण नको. कुणी जबरदस्ती केली तरी नको." आणि शेवटी तिनं हात असा आडवा हलवला की त्याचं भाषांतर करायची गरजच नव्हती.

डॉक्टरीणबाईंचे डोळे पाणावले. "काय म्हणाल्या आई?"

"म्हणाली..." लुइझानं आईच्या पिशवीवरच नजर ठेवली. "नको म्हणाली."

"किती स्पष्ट विचार आहेत त्यांचे." डॉक्टरीणबाईंनी ते टिपून घेतलं आणि लुइझाच्या दंडावर हात ठेवला. डच डॉक्टर असा हात ठेवत नाहीत. "घाई नाही. पण वेळ आहे तोवर घरच्यांशी बोलून घ्या."

बाहेर पडल्यावर यम्मा म्हणाली, "आज मात्र शहाण्यासारखी बोलली हं. माझं ऐकून डोळ्यांत पाणी आलं बिचारीच्या. तिलाही कुठलंतरी गाव असेल."

लुइझा आईला घरी सोडून तडक भावाच्या दुकानात गेली. अल्लालचं मटणाचं दुकान होतं. तो मागच्या खोलीत एप्रन घालून उभा होता. तिनं घडलं ते सांगितलं.

"गुडघ्यानं कुणी मरत नाही," अल्लाल म्हणाला.

"मग हृदयाचं का विचारलं?"

अल्लालनं सुरी खाली ठेवली. "रक्त कशाला तपासायला सांगितलं?"

"साखरेसाठी, आणि म्हणे असंच सगळं बघायला."

"असंच कुणी रक्त काढत नाही. तिला काहीतरी दिसलंय. पण हे लोक लपवत नाहीत गं, तोंडावर सांगतात."

"तोंडावरच सांगितलं ना रे. वेळ आहे तोवर बोलून घ्या म्हणाली."

मग यम्माला काही कळू द्यायचं नाही असं ठरलं. तिला निवांत जाऊ द्यायचं, घाबरवायचं नाही. आणि दुसऱ्या कुणालाही सांगायचं नाही.

अल्लालनं फक्त बायकोला, नूरियाला सांगितलं. नूरियानं फक्त आपल्या बहिणीला सांगितलं. प्रत्येकानं एकालाच सांगितलं, तेही शपथ घालून, आणि आठवडा संपायच्या आत ब्रसेल्सची गाडी खाली येऊन उभी राहिली.

आधी ब्रसेल्सच्या भाच्या आल्या, मग मलिलाहून यम्माच्या दिराचं कुटुंब आलं. सगळ्यांच्या हातात खजूर, साखरेच्या ढेपा, गालिचे. जो येई तो यम्माच्या डोक्याचं चुंबन घेई, तिच्यापुढे गुडघ्यांवर बसे आणि म्हणे, "कळत-नकळत काही चुकलं असेल, तर माफ कर."

पहिल्या दिवशी यम्मा चक्रावली. "काय झालंय या सगळ्यांना?" तिनं लुइझाला विचारलं.

"सहज आलेत. तुझी आठवण आली म्हणून."

यम्मानं लेकीकडे रोखून पाहिलं. लुइझानं नजर चुकवली आणि चहाचा पुदिना निवडायला घेतला. यम्माच्या चेहऱ्यावर हळूहळू काहीतरी उजळत गेलं. ती आणखी काही बोलली नाही. पण त्या दिवसापासून तिचा नूरच बदलला. ती न कुरकुरता व्यायामाला जाऊ लागली. माफी मागायला येणाऱ्यांना ती राणीसारखी दिवाणावर बसून माफ करत होती, मात्र तपशिलात शिरून.

"काही चुकलं असेल म्हणजे काय? नीट सांग की," ती ब्रसेल्सच्या भाचीला म्हणाली. "तुझ्या लग्नात मला मागच्या टेबलावर बसवलंस, ते का?"

"ते पण, खाला."

"बरं. केलं माफ. मटण मात्र कच्चं होतं."

आणि मग ड्युसेलडॉर्फहून हद्दू मामा आला. हा यम्माचा पाठचा भाऊ. बापाच्या बांधावरच्या अंजिराच्या झाडावरून दोघांचं वाजलं होतं, आणि तेव्हापासून दोघं एकमेकांच्या घरच्या लग्नाला आणि मयताला जात, पण एकमेकांशी बोलत नसत. तो स्वतःची उशी काखेत मारून दारात उभा राहिला. बैठकीच्या खोलीत सगळे श्वास रोखून बसले.

"मिमूंत," तो म्हणाला, "मला माफ कर."

"कशाबद्दल?"

"सगळ्याबद्दल."

"झाडाबद्दल?"

हद्दू मामानं इकडेतिकडे पाहिलं. सगळे त्याच्याकडेच बघत होते. नूरिया ओढणीचं टोक डोळ्यांना लावून मान हलवत होती, की म्हण रे बाबा, म्हणून टाक.

"झाडाबद्दलही," तो म्हणाला.

"म्हणजे झाड माझं होतं."

"...तुझं होतं."

"मागच्या लोकांना ऐकू आलं नाही."

"झाड तुझं होतं, मिमूंत," हद्दू मामा मोठ्यानं म्हणाला आणि मग त्याला खरोखरच रडू कोसळलं. बहिणीनं त्याला जवळ घेतलं. सगळी खोली रडली. लुइझा न्हाणीघरात जाऊन नळ सोडून बसली.

तिला सगळ्यात जास्त सलत होतं ते यम्माचं शांत असणं. हिला कळलंय, लुइझा अल्लालला म्हणाली, हिला नक्की कळलंय. एका सकाळी ती शिकवणीहून लवकर परतली, तेव्हा घरात पाहुणे झोपलेले होते आणि यम्मा एकटीच जेवणाच्या मोठ्या टेबलाभोवती चालत होती. एक हात टेबलाच्या कडेला, ओठ हलताहेत, डोळे कुठेतरी लांब. फेरीमागून फेरी. लुइझाला पाहून ती थांबली आणि चोरी पकडल्यासारखी हसली.

"पाय मोकळे करत होते," ती म्हणाली. मग जरा थांबून, "लुइझा, मला पांढरे कपडे शिवून हवेत. साधे. नक्षी नको, काही नको."

लुइझानं दाराच्या चौकटीला हात लावला. "शिवूया यम्मा."

"आणि मी नसताना गॅलरीतल्या पुदिन्याला पाणी घालत जा. तू विसरतेस."

"नाही विसरणार."

"एकदा तिथं गेलं की माणसाला परत यावंसंच वाटत नाही म्हणतात." यम्माचा चेहरा नुसता चमकत होता. "अगं, रडतेस काय वेड्यासारखी? आज माझा नंबर आहे. तुझाही लागेल कधीतरी. अल्लाहनं बोलावलं की चटकन निघायचं, मागे बघायचं नाही."

लुइझानं त्या दिवशीच्या सगळ्या शिकवण्या रद्द केल्या.

या सगळ्या गडबडीत दवाखान्यातून फोन येत होते. पडद्यावर तो नंबर दिसला की लुइझा फोन पालथा घाले. जे ऐकायचं होतं ते ऐकून झालं होतं, आता आणखी काय उरलं? शेवटी शुक्रवारी दुपारी, मशिदीतून पुरुषमंडळी परतली होती, कुसकुसची परात नुकतीच मधोमध आली होती, तेवढ्यात दारावरची घंटा वाजली. लुइझानं दार उघडलं. बाहेर डॉक्टर विलेमाइन उभी होती, सायकलच्या टोपीसकट. याच इमारतीत दुसऱ्या एका आजोबांना तपासायला आली होती, फोन उचलला जात नाही म्हणून जाता जाता वर चढली.

तिनं जिन्यापर्यंत पसरलेले जोडे पाहिले. आत दाटीवाटीनं बसलेली, तिला पाहताच एकदम गप्प झालेली माणसं पाहिली. लुइझाचे सुजलेले डोळे पाहिले. आणि तिचा चेहरा उतरला.

"अरेरे," तिनं लुइझाचे दोन्ही हात हातात घेतले. "मला फार वाईट वाटतंय. कधी झालं?"

"काय कधी झालं?"

"आई."

लुइझाला कळेना. तिला वाटलं, डॉक्टरांच्या हिशेबानं हे एव्हाना होऊन जायला हवं होतं. ती जोड्यांच्या फळीवर मटकन बसली, आणि डॉक्टरीणबाई तिच्यापुढे उकिडवी बसून तिच्या पाठीवरून हात फिरवू लागली.

तेवढ्यात आतल्या खोलीचं दार उघडलं आणि नखशिखांत पांढऱ्या कपड्यांत यम्मा बाहेर आली. कपडे सकाळीच शिंप्याकडून आले होते, ती ते घालून बघत होती.

डॉक्टरीणबाई ताडकन उठली. मागे भिंत होती म्हणून बरं.

"दाग," यम्मा प्रसन्नपणे म्हणाली, आणि मग लेकीला, "हीसुद्धा आली होय? तिला सांग, खाली बसायची गरज नाही. गोळ्यांचं मी केव्हाच माफ केलंय."

त्यानंतर जे झालं ते जोड्यांच्या त्या ढिगातच उभ्या उभ्या झालं. डॉक्टरीणबाईंना आधी आपला श्वास सापडला, मग शब्द. त्या म्हणाल्या की रक्ताचे अहवाल आले होते, ते सांगायलाच त्या फोन करत होत्या. सगळं उत्तम आहे. थोडं ड जीवनसत्त्व कमी आहे, उन्हात बसायला हवं.

"मग ते हृदयाचं?" अल्लालनं मागून विचारलं. त्याच्या हातात अजून घास होता.

"ते मी सगळ्यांनाच विचारते. म्हटलं होतं ना मी."

"सगळ्यांना म्हणजे खरंच सगळ्यांना?"

"खालच्या मजल्यावरच्या आजोबांना आत्ताच विचारून आले. ते म्हणाले, टीव्हीवरचा सामना संपेपर्यंत थांबा."

हद्दू मामाला जर्मन यायचं, त्यामुळे डच निम्मं कळायचं. त्याला नेमकं हवं ते निम्मं कळलं. तो परातीपासून उठला आणि आपल्या डोंगरी भाषेत, सगळ्या इमारतीला ऐकू जाईल असं बोलला, "म्हणजे ही मरत नाहीये?"

"कोण मरत नाहीये?" यम्मानं विचारलं.

यम्मानं एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. शेवटी नजर लुइझावर थांबली.

"ही माणसं माफी मागायला आली," ती सावकाश म्हणाली, "ती मी हजला चाललेय म्हणून ना?"

"हज?" लुइझा म्हणाली.

"हजला जाणाऱ्याची माफी मागतात. सगळे येतात, रडतात. मला वाटलं, तुम्ही दोघांनी मिळून मला न सांगता... म्हणून मी पण काही बोलले नाही. म्हटलं, पोरांची गंमत कशाला घालवा."

ती वळली, पांढरे कपडे सावरत आत गेली आणि दार लावून घेतलं. परातीतली कुसकुस निवत चालली होती. अल्लालनं हातातला घास परत ठेवला.

लुइझा आत गेली तेव्हा यम्मा पलंगाच्या कडेला बसली होती. रडत नव्हती. त्यामुळे जास्तच कसंतरी वाटलं.

"मला मारायला निघालात, त्याचं काही नाही," यम्मा म्हणाली. "माझं वय झालंय. पण काबाभोवतीच्या सात फेऱ्यांचा सराव म्हणून टेबलाभोवती किती फिरले गं मी. गुडघा कसा ठणकत होता, तरी फिरले."

लुइझानं आईच्या मांडीवर डोकं ठेवलं आणि सगळं सांगून टाकलं: डॉक्टरीणबाईंनी खरं काय विचारलं होतं, आणि आपण ते गावाच्या गोष्टीवर कसं ढकललं. यम्मा ऐकत राहिली.

"म्हणजे मी गावाला नको म्हटलं," ती शेवटी म्हणाली, "आणि तिनं लिहून घेतलं, हिला मरू द्या."

"हो."

"आणि मला वाटलं, बाई माझ्या गावासाठी रडली." यम्माचं पोट हलायला लागलं. आधी लुइझाला वाटलं हुंदका आहे, पण ते हसू होतं. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. "बोलाव तिला आत. आणि या वेळी जसंच्या तसं सांगायचं. नाहीतर हद्दूला बोलावते."

डॉक्टरीणबाई टोपी हातात घेऊन आली आणि पलंगापाशी खुर्चीवर बसली. लुइझानं प्रश्न जसाच्या तसा आईला सांगितला. तिला वाटलं होतं तितकं ते कठीण गेलं नाही.

यम्मानं विचार केला. "सुरू करून बघायचं म्हणावं. एकदा, दोनदा. होत असेल तर बरंच. पण होत नसेल तर मला महिनोन्महिने नळ्या लावून अर्ध्या वाटेवर ठेवायचं नाही. आणि काहीही करायच्या आधी लुइझाला विचारायचं." ती जरा थांबली. "आता मला हे सांग म्हणावं. तिची आई आहे?"

"आहे," डॉक्टरीणबाई म्हणाली. "झीलंडला असते. ब्याऐंशी वर्षांची आहे."

"तिला विचारलंस का हे?"

डॉक्टरीणबाईंनी टोपीचा पट्टा बोटाला गुंडाळला, सोडला. "नाही. दर वेळी जाते तेव्हा ठरवते. पण कसं सुरू करायचं तेच कळत नाही."

"गुडघ्यापासून कर म्हणावं," यम्मा म्हणाली.

डॉक्टरीणबाई त्या दिवशी जेवूनच गेली. तिला चमचा दिला होता, पण तिनं बाकीच्यांचं बघून हातानं खाल्लं आणि निम्मी कुसकुस मांडीवर सांडली. पुढच्या खेपेपासून दवाखान्यात फोनवरून बोलणारा दुभाष्या आला. यम्मा त्याच्याशी गुडघा सोडून बाकी सगळ्यावर बोलायची आणि डॉक्टरीणबाई मध्ये मध्ये घड्याळ बघायची.

पाहुणे एकेक करून गेले. हद्दू मामा मात्र राहिला. झाडाबद्दल आपण जे बोललो ते वेगळ्या परिस्थितीत बोललो होतो, असं त्यानं एकदा जेवताना सूचित केलं. यम्मानं ऐकू न आल्यासारखं केलं. हजला नाव नोंदवायची त्या वर्षीची मुदत निघून गेली होती, पण अल्लाल आणि लुइझानं ठरवलं की हिवाळ्यात यम्मानं उमराला जायचं, मक्केला जाऊन यायचं, आणि सोबतीला मामानं. दोघांनाही ही कल्पना मुळीच पसंत नव्हती, त्यामुळे ती लगेच पक्की झाली.

जानेवारीत एके दिवशी लुइझा एका नवख्या बाईला गोल चौकातून गाडी बाहेर काढायला शिकवत होती, तेव्हा फोन आला. यम्मा होती.

"पोचलो गं. रात्रीच काबाच्या साती फेऱ्या केल्या, चालतच केल्या. चाकांची खुर्ची नको म्हटलं." तिचा आवाज बसला होता. मागे माणसांचा समुद्र ऐकू येत होता. "सगळ्यांसाठी मागितलं. तुझ्यासाठी, अल्लालसाठी. त्या डॉक्टरणीच्या आईसाठीसुद्धा. तिचं नाव माहीत नव्हतं, पण त्याला कळेल."

"आणि मामा कसाय?"

"हा काय इथं बसलाय. याला सांग, हळू चालत जा म्हणून. म्हाताऱ्या बहिणीला मागे टाकून पळतो."

फोन मामाच्या हातात गेला. "खोटं बोलतेय," तो धापा टाकत म्हणाला. "हीच पुढे पळते. दोनदा हरवलो मी. एका इंडोनेशियाच्या माणसानं हात धरून आणून सोडलं."

"बरं, भांडू नका तिथं," लुइझा म्हणाली. तोवर शिकणारी बाई त्या चौकाला तिसरा वळसा घालत होती, बाहेर पडायची वाट चुकवून. लुइझानं तिला काही म्हटलं नाही. तिनं फोन कानाशी तसाच धरला आणि बाईला आणखी एक फेरी घेऊ दिली.